देवीचे पुनरागमन की नवनिर्मिती? : आधुनिक पेगन परंपरेतील स्त्रीवादी अध्यात्म

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ब्रिटन आणि अमेरिकेत ज्या नव्या धर्मपरंपरा आकाराला आल्या, त्यांत आधुनिक पेगन परंपरेचे स्थान वेगळे आहे. ख्रिस्ती धर्माच्या प्रसारापूर्वी युरोपात जे बहुदेवतापूजक आचार होते, त्यांच्याशी ही परंपरा आपले नाते सांगते. तिला एकमेव धर्मग्रंथ नाही, केंद्रीय धर्मपीठ नाही आणि संस्थापकाचे सर्वमान्य चरित्रही नाही. या परंपरेतील सर्वांत प्रभावी प्रवाह देवीकेंद्री आहे. ईश्वराविषयीच्या शास्त्राला ग्रीक 'थिऑस' म्हणजे देव या शब्दावरून 'थिऑलॉजी' म्हणतात. 'थिआ' म्हणजे देवी या शब्दावरून या प्रवाहाने 'थिआलॉजी' ही प्रतिसंज्ञा रूढ केली. मराठीत तिला 'देवीमीमांसा' म्हणता येईल.

धर्माभ्यासकांनी या प्रवाहाचा विचार मुख्यतः नवधर्म म्हणून केला आहे. तौलनिक साहित्याभ्यासाच्या दृष्टीने मात्र त्याचे एक वेगळेच वैशिष्ट्य पुढे येते. येथे आधी ग्रंथ आला आणि नंतर उपासना आली. कविता, पुराणकथांचे विवेचन, लोकवाङ्मयाचे संकलन आणि पुरातत्त्वीय निबंध यांच्या वाचनातून ही देवी घडली. त्यामुळे 'ही देवी प्राचीन आहे काय?' या प्रश्नाइतकाच 'ती कोणत्या वाङ्मयीन व्यवहारातून सिद्ध झाली?' हा प्रश्नही महत्त्वाचा ठरतो. प्रस्तुत लेखात या दोन प्रश्नांचा परस्परसंबंध उलगडण्याचा प्रयत्न केला आहे.

१. ग्रंथांतून घडलेली देवी

प्राचीन ग्रीकांच्या अनेक देवींमागे मुळात एकच महादेवी होती, ही कल्पना जर्मन अभ्यासक एडुआर्ड गेर्हार्ड याने १८४९ मध्ये मांडली. १८६१ मध्ये योहान याकोब बाखोफेन याचा मातृसत्तेवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला आणि पितृसत्तेपूर्वी मातृसत्तेचा एक सार्वत्रिक कालखंड होता, या विचाराला शास्त्रीय प्रतिष्ठा लाभली. जेन एलन हॅरिसन हिने १९०३ मधील ग्रीक धर्मविषयक ग्रंथात ऑलिंपसच्या देवमंडळामागे दडलेल्या जुन्या, भूमिनिष्ठ देवींकडे लक्ष वेधले. मार्गारेट मरे हिने १९२१ मध्ये असा सिद्धान्त मांडला की, युरोपात चेटकीण म्हणून ज्यांना मारले गेले, त्या स्त्रिया एका जुन्या संघटित धर्माच्या अनुयायी होत्या. हा सिद्धान्त इतिहासकारांनी पुढे नाकारला. परंतु तोवर त्याने आपले काम केले होते.

रॉबर्ट ग्रेव्हज याच्या १९४८ मधील 'द व्हाइट गॉडेस' या ग्रंथाने या सर्व धाग्यांना काव्यशास्त्राचे रूप दिले. कुमारी, माता आणि वृद्धा ही चंद्रकलांशी जोडलेली देवीची तीन रूपे आज पेगन उपासनेत स्वयंसिद्ध मानली जातात. त्यांचा प्रसार प्रामुख्याने या ग्रंथामुळे झाला. मात्र ग्रेव्हजच्या विवेचनात कवी पुरुष असतो आणि स्त्री ही त्याची प्रेरणादेवता असते. ती बोलत नाही, बोलवून घेते. पुढील काळातील स्त्रीवादी उपासकांनी त्रिरूप देवी स्वीकारली, पण ही विभागणी मोडून काढली.

ब्रिटनमधील जुना चेटूकविरोधी कायदा १९५१ मध्ये रद्द झाला. त्यानंतर तीन वर्षांनी जेराल्ड गार्डनर याने 'विचक्राफ्ट टुडे' हा ग्रंथ प्रसिद्ध केला. पुढे 'विक्का' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या उपासनेची ही जाहीर सुरुवात होती. त्या ग्रंथाला मार्गारेट मरे हिची प्रस्तावना होती, ही गोष्ट पुरेशी बोलकी आहे. जिच्या ग्रंथातून प्रेरणा मिळाली, तिच्याच हातून प्रमाणपत्रही मिळाले.

२. देवीचे प्रथमपुरुषी वचन

या परंपरेला एकच प्रमाण धर्मग्रंथ नसला, तरी एक संहिता जवळजवळ सर्व शाखांत म्हटली जाते. ती 'चार्ज ऑफ द गॉडेस' म्हणजे 'देवीचा आदेश' या नावाने ओळखली जाते. तिचा प्रवास संहिताभ्यासकाला विशेष उद्बोधक वाटेल. अमेरिकन लोकवाङ्मय संग्राहक चार्ल्स लेलँड याने १८९९ मध्ये 'अराडिया' हे पुस्तक प्रसिद्ध केले. इटलीतील एका स्त्रीकडून आपल्याला चेटकिणींची परंपरागत संहिता मिळाली, असा त्याचा दावा होता. तिच्या अस्सलपणाविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. या पुस्तकात डायाना देवीची कन्या अराडिया दीनदुबळ्यांना पौर्णिमेच्या रात्री एकत्र येण्यास सांगते. गार्डनरने हा मजकूर घेतला आणि त्यात अॅलिस्टर क्रौली याच्या लेखनातील भाग मिसळला.

१९५३ मध्ये दीक्षा घेतलेल्या डोरीन व्हॅलिएंट हिने क्रौलीचा हात तत्काळ ओळखला. क्रौलीची अपकीर्ती या नव्या पंथाला मारक ठरेल, हे जाणून तिने त्याचा बराचसा भाग गाळला आणि संहिता नव्याने लिहिली. प्रथम पद्यात, नंतर गद्यात. गद्य रूप सर्वत्र पसरले. अनेक ठिकाणी ते लेखिकेच्या नावाशिवाय, जणू अनामिक प्राचीन वारसा म्हणून म्हटले जाऊ लागले. स्टारहॉक हिने १९७९ च्या आपल्या ग्रंथात त्याचे रूपांतर समाविष्ट केले आणि ते अमेरिकन स्त्रीवादी मंडळांत पोहोचले. एका पुरुषाने संकलित केलेला, दुसऱ्याने जुळवलेला मजकूर एका स्त्रीच्या हातून उपासनेची भाषा झाला.

या संहितेत देवी स्वतः प्रथमपुरुषात बोलते. अशा आत्मनिवेदनाची परंपरा मोठी आहे. दुसऱ्या शतकातील अपुलेयस याच्या लॅटिन कादंबरीच्या अकराव्या भागात इसिस देवी नायकाला आपली नावे आणि रूपे सांगते. इजिप्तमध्ये नाग हम्मादी येथे १९४५ मध्ये सापडलेल्या हस्तलिखितांतही एक स्त्रीस्वर परस्परविरोधी विशेषणांनी स्वतःला प्रकट करतो. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील १२५ वे सूक्त वाग्देवीचे आत्मकथन म्हणून भारतीय वाचकाला परिचित आहे. यांतील अपुलेयसशी आधुनिक परंपरेचे नाते प्रत्यक्ष वाचनाचे आहे. वेदसूक्ताशी असलेले साम्य रचनाबंधाचे आहे. प्रभाव आणि साधर्म्य यांतील हा भेद तौलनिक अभ्यासात काटेकोरपणे पाळावा लागतो.

३. स्त्रीवादी वळण

गार्डनरच्या उपासनेत देवी श्रेष्ठ असली, तरी तिच्यासोबत देव होता आणि स्त्री-पुरुष ध्रुवीयता हा विधीचा पाया होता. १९७१ च्या हिवाळी अयनदिनी लॉस एंजेलिस येथे झुझाना बुडापेस्ट हिने केवळ स्त्रियांचे मंडळ स्थापन केले आणि त्याला मताधिकार चळवळीच्या नेत्या सुझन बी. अँथनी यांचे नाव दिले. हंगेरीतून आलेल्या बुडापेस्टला १९७५ मध्ये टॅरो पत्त्यांवरून भविष्य सांगितल्याबद्दल अटक झाली. पत्ते वाचून घेणारी स्त्री वेशांतर केलेली पोलीस होती. न्यायालयाने बुडापेस्टला दोषी ठरवले. दहा वर्षांनी, १९८५ मध्ये, कॅलिफोर्नियाच्या सर्वोच्च न्यायालयाने एका वेगळ्या प्रकरणात भविष्यकथनावरील अशी बंदी अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या विरोधी ठरवली.

या चळवळीचे सर्वांत नेमके वैचारिक समर्थन कॅरल क्राइस्ट (१९४५–२०२१) हिने केले. 'स्त्रियांना देवीची गरज का आहे?' या आशयाचे तिचे १९७८ मधील व्याख्यान आणि निबंध आजही पायाभूत मानले जातात. मानववंशशास्त्रज्ञ क्लिफर्ड गीर्ट्झ याच्या धर्मविषयक व्याख्येचा तिने आधार घेतला. धार्मिक प्रतीके माणसाच्या मनात खोल आणि टिकाऊ भाववृत्ती निर्माण करतात. बुद्धीने धर्म सोडलेली व्यक्तीही जन्म, विवाह, मृत्यू अशा प्रसंगी त्याच प्रतीकांकडे वळते. म्हणून पितृरूप ईश्वराचे प्रतीक केवळ नाकारून चालत नाही. त्याची जागा दुसऱ्या प्रतीकाने भरावी लागते. देवीचे प्रतीक स्त्रीची शक्ती, स्त्रीचा देह, स्त्रीची इच्छा आणि स्त्रियांमधील परस्परबंध व वारसा या चार गोष्टींना मान्यता देते, असे तिचे प्रतिपादन होते. या युक्तिवादातील कळीची बाब अशी की, तो प्राचीन मातृसत्तेच्या ऐतिहासिक सत्यतेवर अवलंबून नाही.

३१ ऑक्टोबर १९७९ रोजी स्टारहॉकचे 'द स्पायरल डान्स' प्रसिद्ध झाले. याच सुमारास सॅन फ्रान्सिस्को येथे 'रिक्लेमिंग' हे मंडळ उभे राहिले. स्टारहॉकने सत्तेचे तीन प्रकार मानले : दुसऱ्यावर गाजवलेली सत्ता, आतून येणारे सामर्थ्य आणि समूहात परस्परांना दिलेले बळ. त्यामुळे उपासना आणि राजकारण यांची फारकत संपली. १९८१ मध्ये डायाब्लो कॅन्यन येथील अणुवीज प्रकल्पाविरुद्धच्या नाकेबंदीत ही मंडळी सहभागी झाली होती.

४. इतिहासाची कसोटी

स्त्रीवादी अध्यात्माने स्वतःचा एक इतिहास सांगितला. आरंभी शांततामय, देवीपूजक समाज होता. मग आक्रमक, पितृसत्ताक टोळ्या आल्या. आणि अखेर चेटकिणींच्या हत्याकांडात जुन्या धर्माचे उरलेसुरले अवशेष जाळले गेले. पहिल्या दोन टप्प्यांना मारिया गिंबुटास या मान्यवर पुरातत्त्वज्ञ स्त्रीच्या ग्रंथांमुळे बळ मिळाले. तिने 'मातृसत्ता' हा शब्द टाळला, पण 'प्राचीन युरोपा'तील मृण्मूर्तींतून एका महादेवीची चिन्हभाषा वाचली. तिसऱ्या टप्प्याच्या संदर्भात नव्वद लाख बळींचा आकडा वर्षानुवर्षे सांगितला गेला. आजचे इतिहासकार ही संख्या साधारणपणे ४० ते ६० हजार मानतात.

रोनाल्ड हटन याने १९९९ मध्ये आधुनिक पेगन चेटूकपरंपरेची आधुनिक ब्रिटिश घडण सप्रमाण दाखवली. सिंथिया एलर हिने २००० मध्ये मातृसत्ताक प्रागैतिहासाच्या मिथकाची कठोर चिकित्सा केली. एलर स्वतः स्त्रीवादी आहे. स्त्रीला कायमची देह, निसर्ग आणि मातृत्व यांत बांधणारा भूतकाळ स्त्रियांच्या भविष्याला उपकारक नाही, हा तिचा खरा आक्षेप आहे.

तथापि वाद येथे संपलेला नाही. स्टेप प्रदेशातून युरोपात मोठे स्थलांतर झाले, या गिंबुटासच्या दुसऱ्या सिद्धान्ताला २०१५ पासूनच्या प्राचीन डीएनएच्या अभ्यासांनी पुष्टी दिली. तुर्कस्तानातील चाटालह्युक येथील सांगाड्यांवरील २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात एकाच घरात पुरलेल्यांचे नाते मातृवंशातून जोडलेले आढळले. परंतु मातृवंशीयता म्हणजे मातृसत्ता नव्हे आणि स्थलांतराचा पुरावा म्हणजे महादेवीचा पुरावा नव्हे.

या टीकेला उपासकांनी दिलेला प्रतिसाद लक्षणीय आहे. 'द स्पायरल डान्स'च्या १९८९ आणि १९९९ च्या आवृत्त्यांत स्टारहॉकने मूळ मजकूर ठेवून त्यावर स्वतःच टिपणे जोडली. स्त्री-पुरुष ध्रुवीयतेला विश्वाचे मूलतत्त्व मानण्याची आपली पूर्वीची भूमिका तिने तेथे सोडून दिली. पवित्र मानल्या जाणाऱ्या ग्रंथात ग्रंथकर्त्रीनेच आपले खंडन करावे, हा प्रकार धर्मवाङ्मयात विरळा आहे. २०१२ मध्ये रिक्लेमिंगने आपल्या तत्त्वपत्रिकेतील 'देवी आणि देव' या जोडीऐवजी अनेक लिंगभावांच्या देवतांचा उल्लेख स्वीकारला. दुसरीकडे, केवळ जन्माने स्त्री असलेल्यांसाठी राखीव विधींवरून त्याच सुमारास तीव्र संघर्षही झाला. 'देवी कोणाची?' या प्रश्नात 'स्त्री कोण?' हा प्रश्न दडलेला होता.

५. भारतीय वाचकाच्या दृष्टीतून

या देवीमंडळात कालीचा प्रवेश लवकर झाला. रिटा ग्रॉस हिने १९७८ मध्येच हिंदू देवींकडे पाश्चात्त्य स्त्रियांनी आध्यात्मिक संसाधन म्हणून पाहावे, असे सुचवले होते. पश्चिमेत काली मुख्यतः स्त्रीच्या दडपलेल्या क्रोधाचे प्रतीक झाली. बंगालमधील भक्तीतली 'मा' त्या वाचनात मागे पडली. राजेश्वरी सुंदर राजन यांनी १९९८ मध्ये 'हिंदू देवी स्त्रीवादी आहे काय?' हा प्रश्न विचारून देवीपूजेवरून स्त्रियांच्या सामाजिक स्थितीविषयी निष्कर्ष काढण्यातील धोका दाखवला. जेथे देवीची पूजा अखंड चालत आली, तेथेही पितृसत्ता अखंड राहिली. क्राइस्टच्या युक्तिवादाला हे सर्वांत कठीण उत्तर आहे. देवीचे प्रतीक पुरेसे नाही. ते कोणाच्या हाती आहे, यावर त्याचा अर्थ ठरतो.

मराठी मुलखाशी तुलना केली असता आणखी एक भेद दिसतो. दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी १९६२ च्या 'मिथ अँड रिअॅलिटी'मध्ये पुणे परिसरातील जुन्या वाटांच्या संगमांवरील मातृदेवींची ठाणी अभ्यासली, रा. चिं. ढेरे यांनी 'लज्जागौरी'त मातृदेवतेच्या एका विलक्षण रूपाचा मागोवा घेतला. या अभ्यासकांपुढे ठाणे, शेंदूर, नवस आणि यात्रा आधी होत्या. ग्रंथ नंतर आला. पाश्चात्त्य स्त्रीवादी उपासकांपुढे ग्रंथ होता आणि ठाणे नव्याने उभारावे लागले.

अनुवादाच्या पातळीवर हा भेद अधिक तीव्र होतो. स्त्रीवाद्यांनी 'विच' हा शब्द अभिमानाने परत मिळवला, कारण युरोपातील शेवटच्या शिक्षा अठराव्या शतकात झाल्या होत्या. तो शब्द रूपक होण्याइतका दूर गेला होता. 'डाकीण' किंवा 'डायन' हा शब्द तसा दूर गेलेला नाही. बिहारला १९९९ मध्ये स्त्रीला डायन ठरवण्याविरुद्ध स्वतंत्र कायदा करावा लागला आणि महाराष्ट्राच्या २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यालाही करणीच्या आरोपाची दखल घ्यावी लागली. जो शब्द उच्चारल्याने आजही एखाद्या स्त्रीचे घर किंवा प्राण जाऊ शकतात, तो मुक्तीची उपाधी म्हणून भाषांतरित करता येत नाही.

तेव्हा आधुनिक पेगन परंपरेतील देवी पुनरागत नाही, नवनिर्मित आहे, असे म्हणणे उपलब्ध पुराव्याला धरून आहे. मात्र नवनिर्मित म्हणजे खोटी, असा त्याचा अर्थ होत नाही. प्रत्येक परंपरेला कधीतरी आरंभ असतो. या परंपरेचा आरंभ कागदपत्रांत दिसतो, इतकेच तिचे वेगळेपण. आपला भूतकाळ कल्पिलेला असू शकतो हे मान्य करूनही तिच्यातील अनेक स्त्रियांनी उपासना सोडली नाही. पुरावा आणि प्रतीक यांतील अंतर ओळखून प्रतीकाशी निष्ठा ठेवणे ही भूमिका साहित्याच्या वाचकाला अपरिचित नाही. धर्माच्या क्षेत्रात ती किती काळ टिकते, याची परीक्षा अद्याप चालू आहे.