कॅमेरा घरचा, पाहणारे परके

राजकोटच्या एका प्रसूतिगृहात तपासणीसाठी आलेल्या महिलांचे सीसीटीव्ही चित्रण टेलिग्रामवर विकले जात असल्याचे फेब्रुवारी २०२५ मध्ये उघड झाले. गुजरात पोलिसांच्या तपासाचे धागे लातूर आणि सांगलीपर्यंत आले, अटकही झाली. प्रसूतिगृहाच्या सीसीटीव्ही यंत्रणेचा पासवर्ड ‘ॲडमिन१२३’ असल्याचे पुढे बातम्यांत आले. मुळात तपासणीच्या खोलीत कॅमेरा लावलाच का, हा प्रश्न पासवर्डच्याही आधीचा आहे.

असे चित्रण बाहेर जाते कसे? घरातला डीव्हीआर, म्हणजे कॅमेऱ्यांचे चित्रण साठवणारी पेटी, एरवी राउटरच्या आडोशाला असतो. पण गावी गेल्यावरही मोबाइलवर घर दिसावे, म्हणून कॅमेरे बसवणारा राउटरमध्ये ‘पोर्ट फॉरवर्डिंग’ करून देतो, म्हणजे बाहेरून डीव्हीआरपर्यंत वाट उघडतो. कधी ‘यूपीएनपी’ ही सोय चालू असते आणि डीव्हीआर स्वतःच बाहेरची वाट उघडून घेतो. त्या वाटेने मालक येतो, तसा कोणीही येऊ शकतो. इंटरनेटवर उघडी असलेली उपकरणे हुडकणारे ‘शोदान’ हे शोधयंत्र तर २००९ पासून सुरू आहे.

कंपनीने दिलेला पासवर्ड बदलला नाही, तर पुढचे काम सोपेच. २०१६ मध्ये ‘मिराई’ या घातक प्रणालीने असे साठेक ठरावीक पासवर्ड वापरून लाखो कॅमेरे आणि राउटर ताब्यात घेतले. त्यांच्या जोरावर २१ ऑक्टोबरला झालेल्या हल्ल्याने अमेरिकेत ट्विटर, नेटफ्लिक्स कित्येक तास कोलमडले.

पासवर्ड बदलूनही भागतेच असे नाही. अमेरिकेतल्या ‘ट्रेंडनेट’च्या कॅमेऱ्यांत सॉफ्टवेअरचाच दोष होता. २०१२ मध्ये सुमारे ७०० कॅमेऱ्यांचे थेट चित्रण जगजाहीर झाले. पाळण्यात झोपलेली बाळेही त्यात दिसत होती. म्हणून कॅमेऱ्यातले सॉफ्टवेअर, म्हणजे फर्मवेअर, अद्ययावत ठेवणे तितकेच गरजेचे.

ब्रिटनने २९ एप्रिल २०२४ पासून कंपनीने दिलेल्या सरधोपट पासवर्डवर बंदी घातली. भारतातही एप्रिल २०२५ पासून नव्या सीसीटीव्ही कॅमेऱ्यांना सुरक्षा चाचणी सक्तीची झाली. मात्र भिंतीवर आधीच टांगलेल्या कॅमेऱ्यांची काळजी मालकालाच घ्यावी लागणार.

तेव्हा कॅमेरे बसवणाऱ्याला आजच फोन करा. ॲडमिनचा पासवर्ड मागून घ्या आणि तो स्वतः बदला. पोर्ट फॉरवर्डिंग आणि यूपीएनपी बंद करून घ्या, ॲपमध्ये ओटीपीची दुहेरी पडताळणी सुरू करा. आणि झोपण्याच्या खोलीतला कॅमेरा काढूनच टाका.