काळाचं प्रदूषण: कल्पना की वस्तुस्थिती?



प्रदूषणाचे प्रकार विचारले की मुलं घडाघडा म्हणून दाखवतात: हवा, पाणी, ध्वनी, माती. या यादीत आणखी एक प्रकार घालून बघा, काळाचं प्रदूषण! समजा, एखाद्या गावात असा काही कचरा साठला की तिथली वेळच बिघडली. कोंबडा मध्यरात्री आरवतो, झाडं पानगळ विसरतात, सकाळी सात वाजता माणसांच्या अंगात अजून रात्रच असते. कल्पनाविस्तारासाठी हा विषय द्या, मुलं रंगून लिहितील.

पण वह्या तपासून झाल्या की त्यांना एक गोष्ट जरूर सांगा. यातलं बरंचसं खरोखर घडतंय. भिंतीवरच्या घड्याळातला काळ बिघडत नाही, बिघडतो तो सजीवांच्या आतला काळ. आणि तो बिघडवणारा कचरा म्हणजे रात्रीचा नको तितका उजेड, म्हणजेच प्रकाश प्रदूषण.

आतलं घड्याळ

१७२९ मध्ये द मेराँ या फ्रेंच शास्त्रज्ञाने लाजाळूच्या जातीचं एक रोप अंधारात ठेवलं. ऊन दिसत नसतानाही त्याची पानं दिवसा उघडत आणि रात्री मिटत. सजीवांच्या आतच वेळ मोजण्याची सोय असते, हे पुढे सिद्ध झालं. हे घड्याळ पेशींमध्ये कसं चालतं, हे फळमाशीवर शोधून काढणाऱ्या हॉल, रॉसबाश आणि यंग या तीन अमेरिकन शास्त्रज्ञांना २०१७ चं नोबेल पारितोषिक मिळालं.

माणसाचं मुख्य घड्याळ मेंदूत असतं. साधारण २०,००० पेशींचा तो एक छोटासा पुंजका. गंमत म्हणजे बहुतेकांचं हे घड्याळ २४ तासांपेक्षा किंचित मागे पडतं. जुनं चावीचं घड्याळ जसं रोज लावावं लागायचं, तसंच हेही रोज लावावं लागतं. ते काम सकाळचा सूर्यप्रकाश डोळ्यांवाटे करतो. संध्याकाळी अंधारलं की मेंदूतून मेलाटोनिन नावाचं संप्रेरक पाझरू लागतं. 'रात्र झाली' असा तो शरीराला निरोप असतो.

बिघाड होतो कसा?

आता रात्री दहा वाजता खोलीत पांढरीशुभ्र ट्यूब आणि डोळ्यांपुढे मोबाईल असेल तर? त्यातला निळसर प्रकाश मेलाटोनिनला सर्वांत जास्त अडवतो. अजून दिवसच आहे, असं मेंदूला वाटतं. त्यातून वयात येणाऱ्या मुलांचं घड्याळ मुळातच उशिराकडे सरकलेलं असतं. मग झोप उशिरा, जाग मात्र शाळेच्या वेळेला. ६ ते १२ वर्षांच्या मुलांना ९ ते १२ तास झोप लागते, ती मिळत नाही. पहिल्या तासाला पेंगणारं मूल आळशीच असतं असं नाही. त्याच्या अंगातली वेळ आणि आपल्या वेळापत्रकातली वेळ जुळत नसते, इतकंच. चौथीपर्यंतचे वर्ग सकाळी ९ च्या आधी भरवू नयेत, असा निर्णय राज्य शासनाने २०२४ मध्ये घेतला, त्यामागेही मुलांच्या अपुऱ्या झोपेचाच विचार होता.

हे फक्त माणसांचं झालं. पावसाळ्याच्या तोंडावर भंडारदऱ्याच्या परिसरात काजवे चमकतात, ते जोडीदाराला दिलेले इशारे असतात. बाजूला झगझगीत दिवे लागले की इशारे दिसेनासे होतात. कोकणात वेळासच्या किनाऱ्यावर अंड्यांतून बाहेर पडणारी कासवाची पिल्लं उजळ क्षितिजाच्या रोखाने समुद्राकडे जातात. किनाऱ्यावर दिवे असतील तर ती उलटी फिरतात. रस्त्यावरच्या दिव्याला खेटून असलेल्या झाडाची पानगळही लांबू शकते.

उपाय

या प्रदूषणाची एक जमेची बाजू आहे. दिवा मालवला की ते त्याच क्षणी संपतं. नदीसारखी वर्षानुवर्षं सफाई करावी लागत नाही. सगळीकडे अंधार करा असं कुणीच म्हणत नाही. रस्त्यावर उजेड हवाच, पण तो खाली जमिनीवर पडावा, आभाळात किंवा शेजाऱ्याच्या खिडकीत नव्हे. आपल्या पेंच व्याघ्र प्रकल्पाने दिव्यांचं असंच नियोजन केलं आणि २०२४ मध्ये त्याला भारतातील पहिलं 'डार्क स्काय पार्क' म्हणून मान्यता मिळाली.

घरी काय कराल? झोपण्याआधी तासभर मोबाईल दुसऱ्या खोलीत, मंद पिवळा दिवा, आणि सकाळी थोडा वेळ अंगणात किंवा गॅलरीत. पण मुलांचा मोबाईल काढून आपला हातात ठेवू नका, बरं का!

वर्गासाठी उपक्रम: आठवडाभर मुलांना तीन नोंदी ठेवायला सांगा: शेवटचा दिवा किंवा स्क्रीन किती वाजता बंद झाली, सकाळी न उठवता जाग आली का, आणि पहिल्या तासाला झोप येत होती का. शनिवारी तक्ता फळ्यावर मांडा. निष्कर्ष तुम्ही सांगू नका, मुलांनाच काढू द्या.