रंगमंचाखालचे ‘नराकु’

जपानच्या चार मोठ्या बेटांपैकी सर्वांत लहान बेट म्हणजे शिकोकू. या बेटावर कोतोहिरा नावाचे एक लहानसे गाव आहे. गावामागच्या डोंगरावर कोंपिरा या देवतेचे प्रसिद्ध स्थान असून मुख्य मंदिरापर्यंत पोहोचण्यास ७८५ पायऱ्या चढाव्या लागतात. समुद्रावर जाणाऱ्या नाविकांचे रक्षण करणारी देवता म्हणून जपानी लोक तिला फार मानतात. ‘कोंपिरा’ हे नाव संस्कृतातील ‘कुंभीर’ या शब्दावरून आले आहे. कुंभीर म्हणजे मगर. बौद्ध धर्माबरोबर भारतातून चीनमध्ये आणि चीनमधून जपानमध्ये गेलेल्या अनेक शब्दांपैकी हा एक होय. असाच आणखी एक शब्द याच गावात, एका जुन्या नाट्यगृहाच्या तळघरात भेटतो.

हे नाट्यगृह म्हणजे ‘कानामारू-झा’. पूर्वी कोंपिराच्या जत्रेला दूरदूरचे यात्रेकरू जमत आणि त्यांच्या करमणुकीसाठी तात्पुरती नाट्यगृहे उभारून नाटके होत. जत्रा संपली की ती उतरवली जात. पुढे १८३५ साली येथे लाकडाचे कायमचे नाट्यगृह बांधण्यात आले. सांगलीस विष्णुदास भावे यांनी ‘सीता स्वयंवर’ रंगभूमीवर आणले ते १८४३ साली. म्हणजे हे नाट्यगृह त्याहूनही आठ वर्षांनी जुने. जपानमध्ये आज उभ्या असलेल्या काबुकी नाट्यगृहांत ते सर्वांत प्राचीन आहे.

काबुकी हा जपानचा पारंपरिक नाट्यप्रकार. हे नाव ज्या तीन अक्षरचिन्हांनी लिहितात, त्यांचे अर्थ गीत, नृत्य आणि कौशल्य असे आहेत. ओकुनी नावाच्या एका स्त्रीने सतराव्या शतकाच्या आरंभी क्योतो शहरात केलेल्या नृत्यांतून या कलेचा उगम झाला. परंतु १६२९ साली शासनाने स्त्रियांना रंगमंचावर येण्यास बंदी केली. तेव्हापासून काबुकीत स्त्रियांच्या भूमिकाही पुरुषच करीत आले आहेत. बालगंधर्वांची कीर्ती ऐकलेल्या मराठी माणसाला या गोष्टीचे नवल वाटणार नाही.

कानामारू-झात प्रवेश करताना प्रेक्षकाला प्रथम पादत्राणे काढावी लागतात. दरवाजा इतका ठेंगणा आहे, की वाकूनच आत जावे लागते. आत खुर्च्या नाहीत. लाकडी पट्ट्यांनी जमिनीचे चौकोन पाडलेले असून प्रत्येक चौकोनात काही माणसे दाटीवाटीने बसतात. प्रेक्षकांच्या मधून, नाट्यगृहाच्या मागील टोकापासून रंगमंचापर्यंत एक उंच लाकडी वाट जाते. तिला ‘हानामिची’, म्हणजे ‘फुलांची वाट’ म्हणतात. महत्त्वाची पात्रे याच वाटेने येतात आणि जातात. त्यामुळे नटाची वस्त्रे सळसळली, तरी ती कडेला बसलेल्या प्रेक्षकाला ऐकू येतात.

लाकडाच्या दोन ठोकळ्यांचा टकटकाट सुरू होतो. तो जलद होत जातो आणि काळ्या, तांबूस व हिरव्या पट्ट्यांचा पडदा बाजूला सरकतो. नट बोलू लागतात. परदेशी पाहुण्याला त्यातील एक शब्दही कळत नाही. याची त्याला खंत वाटण्याचे कारण नाही. कारण काबुकीतील जुनी भाषा आजच्या जपानी प्रेक्षकांनाही सहज उमगत नाही.

भाषा कळत नाही, तेव्हा डोळे आणि कान अधिक सावध होतात. चेहऱ्यावर पांढऱ्या रंगावर तांबड्या रेषा ओढलेल्या असल्या, तर तो शूर व न्यायी पुरुष समजावा. निळ्या रेषा असल्या, तर तो दुष्ट. प्रसंग ऐन रंगात आला, की नट एकाएकी शिळेसारखा स्थिर होतो आणि डोळे वटारून पाहतो. त्याच क्षणी रंगमंचाच्या कडेला बसलेला एक माणूस लाकडी फळीवर ठोकळे आपटतो. प्रेक्षकांतील जाणकार नटाच्या घराण्याचे नाव मोठ्याने पुकारून त्याला दाद देतात. बर्फ पडू लागले, की पडद्याआड मोठा नगारा हलक्या हाताने वाजवला जातो. खरे पाहता बर्फ पडताना आवाज होत नाही. परंतु तो संथ, दबका नाद ऐकताच सगळीकडे बर्फ साचत असल्याचा भास होतो.

‘योशित्सुने सेनबोन झाकुरा’ हे काबुकीतील एक अतिशय लोकप्रिय नाटक आहे. ते १७४७ साली प्रथम बाहुल्यांच्या रंगभूमीसाठी लिहिले गेले. त्यात एक तरुण कोल्हा माणसाचे रूप घेऊन एका स्त्रीच्या सोबत प्रवास करतो. तिच्यापाशी डमरूच्या आकाराचे एक वाद्य आहे. त्याचा नाद उमटला, की तो धावत येतो आणि त्या वाद्याजवळून हलत नाही. शेवटी त्याचे रहस्य उघड होते. त्या वाद्यावर जे कातडे ताणलेले आहे, ते त्याच्याच आईबापांचे! वाद्याच्या नादात त्याला त्यांचा आवाज ऐकू येतो. वाद्याचा मालक योशित्सुने हा लहानपणीच पित्याला अंतरलेला आणि सख्ख्या भावाच्या वैरामुळे परागंदा झालेला वीर आहे. त्याचे मन द्रवते आणि तो ते वाद्य कोल्ह्याला देऊन टाकतो. वाद्य उराशी धरून तो कोल्हा नाचू लागतो, तेव्हा त्याला काय गवसले हे समजण्यास जपानी भाषा यावी लागत नाही.

परंतु हा कोल्हा रंगमंचावर येतो कसा? एका प्रवेशात तो पंखातून येत नाही की दारातूनही येत नाही. हानामिचीवरील एक चौकोनी झडप उघडते आणि त्यातून तो जमिनीतून उगवल्यासारखा वर येतो. या झडपेला ‘सुप्पोन’ म्हणतात. सुप्पोन म्हणजे कासव. नटाचे डोके आधी वर येते, ते पाठीतून मान बाहेर काढणाऱ्या कासवासारखे दिसते, म्हणून हे नाव पडले. भुते, मांत्रिक, मायावी प्राणी यांनीच येथून यावे, असा संकेत आहे. दुसऱ्या एका प्रवेशात त्याची माणसाची वस्त्रे क्षणार्धात नाहीशी होतात आणि पांढरी शुभ्र कोल्ह्याची वस्त्रे दिसू लागतात.

या चमत्कारांचा उलगडा पडद्यामागे होतो. ज्या दिवशी प्रयोग नसतो, त्या दिवशी कानामारू-झाचा अंतर्भाग पाहुण्यांना पाहता येतो. प्रेक्षकाला समोरून जे अखंड स्वप्नासारखे दिसले, ते येथे दोर, खुंट्या, फळ्या आणि झडपा यांच्या रूपाने दिसू लागते. रंगमंचामागे नटांच्या रंगभूषेच्या खोल्या आहेत. काबुकीत झटपट वेश बदलायचा असेल, तर वरची वस्त्रे ठरावीक ठिकाणी कच्च्या टाक्यांनी जोडलेली असतात. नटामागे बसलेला साहाय्यक योग्य क्षणी धागे ओढतो आणि वरचे वस्त्र गळून पडते. रंगमंचावर वावरणाऱ्या अशा साहाय्यकांपैकी काही जण नखशिखान्त काळा वेश घालतात. काळा वेश म्हणजे ‘येथे कोणीही नाही’, असा नट आणि प्रेक्षक यांच्यातील करार आहे. बर्फाचा प्रवेश असला, तर हेच साहाय्यक पांढऱ्या वेशात येतात.

प्रेक्षागाराच्या वर बांबूंची जाळी बांधलेली आहे. तिच्यावर चढलेली माणसे कागदाच्या पाकळ्या खाली सोडतात आणि प्रेक्षकांवर फुलांचा वर्षाव होतो. दोन्ही बाजूंच्या भिंतींना उंचावर खिडक्या आहेत. हे नाट्यगृह बांधले, तेव्हा विजेचे दिवे नव्हते. दिवसाच्या उजेडातच नाटके होत. रात्रीचा प्रसंग आला, की खिडक्यांपाशी उभी असलेली माणसे झडपा एकदम लावून घेत आणि प्रेक्षागारात अंधार पसरे. पहाट झाली, की त्या उघडत. खिडक्यांची ही पद्धत येथे आजही वापरतात.

आता एक जिना उतरून रंगमंचाखाली जायचे. दगडांनी बांधलेले हे तळघर अंधारे, दमट आणि थंडगार आहे. जपानी लोक रंगमंचाखालच्या या जागेला ‘नराकु’ म्हणतात. हाच तो दुसरा शब्द. त्याचे मूळ संस्कृतातील ‘नरक’! ज्या काळात येथे तेलाच्या मिणमिणत्या दिव्यांखेरीज उजेड नव्हता, त्या काळात काम करणाऱ्यांना हे नाव अगदी योग्य वाटले असेल.

नराकुच्या मध्यभागी फिरत्या रंगमंचाचा लाकडी आस आहे. नामिकी शोझो या नाटककाराने १७५८ साली ओसाका शहरात फिरत्या रंगमंचाला परिणत रूप दिले. त्यामुळे पडदा न पाडता राजवाड्याचे अरण्य करता येऊ लागले. महाराष्ट्रात आचार्य अत्रे यांच्या ‘तो मी नव्हेच’ या नाटकात १९६२ साली फिरता रंगमंच आला, तेव्हा प्रेक्षक असेच चकित झाले होते. कानामारू-झात मात्र हा रंगमंच आजही माणसेच फिरवतात. आसाला जोडलेल्या आडव्या दांड्यांना खांदा देऊन ती गोलगोल चालतात. पाय घसरू नयेत म्हणून जमिनीत दगड बसवलेले आहेत. त्यांवर पाय रोवून जोर लावायचा. वर नट आपल्या जागी स्थिर उभे असतात, देखावा फिरत असतो. खालच्या माणसांना यांपैकी काहीच दिसत नाही. वरून खूण मिळाली की फिरायचे आणि खूण मिळाली की थांबायचे. एक पाऊल कमी किंवा अधिक पडले, तर घराचे दार भलत्याच ठिकाणी जाऊन थांबेल. कोल्ह्याला वर उचलणारी झडपही येथूनच माणसांच्या हातांनी उचलली जाते.

हे सर्व एकदा नष्ट होण्याच्या बेतात होते. विसाव्या शतकात कानामारू-झाचे चित्रपटगृह झाले. पुढे तेही चालेनासे झाले आणि इमारत मोडकळीस आली. १९७० साली जपान सरकारने तिला महत्त्वाची सांस्कृतिक संपत्ती म्हणून मान्यता दिली. त्यानंतर १९७२ ते १९७६ या काळात ती सोडवून जवळच्या दुसऱ्या जागी मूळच्या स्वरूपात पुन्हा उभारण्यात आली. इमारत वाचली, परंतु ज्या नाट्यगृहात नाटक होत नाही, ते नाट्यगृह कसले? १९८४ साली नाकामुरा किचिएमोन यांच्यासह काबुकीतील तीन नामवंत नट ते पाहण्यास आले. येथे पुन्हा प्रयोग झाले पाहिजेत, असे त्यांना मनापासून वाटले आणि पुढच्याच वर्षी, १९८५ साली, प्रयोग सुरू झाले. तेव्हापासून दर वसंत ऋतूत येथे काबुकी होऊ लागली. करोनाच्या साथीमुळे २०२० पासून चार वर्षे त्यांत खंड पडला. २०२४ साली पडदा पुन्हा उघडला.

नट मोठ्या शहरांतून येतात. परंतु त्यांच्या येण्याने काम भागत नाही. नराकुत उतरून रंगमंच फिरवण्याचे काम कोतोहिरातील तरुण मंडळी हौसेने करतात. प्रेक्षकांना त्यांच्या चौकोनापर्यंत नेऊन बसवण्याचे काम गावातील स्त्रिया करतात. गावाने हात आखडता घेतला, तर १८३५ सालचा हा रंगमंच जागचा हलणार नाही.

नराकु पाहून आलेला पाहुणा पुन्हा नाटकाला बसतो, तेव्हाही त्याला भाषा समजत नाही. परंतु देखावा फिरू लागला, की त्याला फळ्यांखालची पावले जाणवतात. प्रयोग संपतो. कोल्ह्याचे काम करणाऱ्या नटासाठी टाळ्यांचा कडकडाट होतो. त्याच वेळी खाली, अंधारात, काही माणसे दांड्यांवरून खांदे काढून घाम पुसत असतात. टाळ्यांचा आवाज फळ्यांमधून त्यांच्यापर्यंत पोहोचतो. आणि त्यांतील काही टाळ्या आपल्या आहेत, हे त्यांना ठाऊक असते.