छाती ठोकून टर्की!

माहीत आहे का? नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी एकट्या अमेरिकेत अंदाजे साडेचार कोटी टर्क्यांचा निकाल लागतो. एका सणाला! गटारीच्या सकाळी मटणाच्या दुकानापुढे लागणारी रांग आठवा आणि तिला पन्नास राज्यांनी गुणा. झालं थँक्सगिव्हिंग.

पण आज आपण अख्खी टर्की भाजणार नाही. सात-आठ किलोचं ते धूड ओव्हनमध्ये सरकवायला दोन माणसं, संपवायला अख्खी वाडी! चार-पाच जणांच्या घरात फक्त ब्रेस्ट आणावा, म्हणजे छातीचा भाग. शहाणी माणसं हेच करतात, हे मी छाती ठोकून सांगतो.

हे शहाणपण मला मिळालं न्यू जर्सीतल्या एडिसनला, मावसबहिणीच्या स्वयंपाकघरात. घरात ती, तिचा नवरा, कॉलेजातला मुलगा, कोल्हापूरहून आलेली मावशी आणि पाहुणा म्हणून मी. ओट्यावर अडीच किलोचा, हाडासकटचा ब्रेस्ट. मावशी त्याच्याकडे संशयाने बघतेय. "ही कोंबडी एवढी पांढरीफटक कशी गं?"

उत्तम प्रश्न, मावशी! जंगली टर्की दिवसभर चालते, धोका दिसला की भुर्रकन उडते आणि लगेच खाली उतरते. सतत राबणाऱ्या पायांना ऑक्सिजन साठवायला मायोग्लोबिन लागतं, त्यामुळे तंगडी गडद. पंखांचे स्नायू छातीत असतात, त्यांना फक्त क्षणभराची धावपळ, म्हणून छाती गोरी. बदक लांबचा प्रवास करतं, त्यामुळे त्याची छातीही काळपट लाल. थोडक्यात, कष्टाचा रंग!

आणि इथेच अख्ख्या टर्कीचा घोळ होतो. तंगडी मऊ व्हायला जास्त उष्णता लागते, छाती मात्र त्याच्या आधीच तयार असते. तंगडीची वाट बघत बसलात तर छातीचा चोथा होतो. नुसता ब्रेस्ट आणला की हे भांडणच मिटलं.

जंगली टर्की उडताना ताशी ८०-९० किलोमीटरपर्यंत वेग घेते आणि रात्री झाडावर झोपते, हे माहीत आहे का? आपल्या ओट्यावरची तिची बहीण मात्र पांढऱ्या पिसांची, फुगवलेल्या छातीची शेतावरची जात. उडणं सोडाच, छाती इतकी भारी की नर-मादीचं नैसर्गिक मीलनही जमत नाही. सगळं काम कृत्रिम रेतनावर! बॉडी बनवण्याच्या नादात संसार राहिला तो असा.

मावशीला दुसरा धक्का सिंकपाशी. ती पदर खोचून टर्की धुवायला निघाली आणि बहिणीने तिचा हात धरला. "आई, धुवायची नाही!" आपल्याकडे तीन पाण्यांनी धुतल्याशिवाय मांस पातेल्यात जात नाही. अमेरिकेचं कृषी खातं मात्र कानीकपाळी ओरडून सांगतं, धुऊ नका. जंतू पाण्याने मरत नाहीत, शिंतोड्यांबरोबर सिंकभर आणि शेजारच्या कोशिंबिरीवर उडतात. ते मरतात उष्णतेनेच. मावशीचं मत? "तुमचं कृषी खातं आमच्याकडे जेवायला येणार नाही."

आता मीठ. बुधवारी रात्रीच! तीन चहाचे चमचे मीठ सगळीकडे चोळायचं आणि ब्रेस्ट फ्रिजमध्ये उघडाच ठेवायचा. आधी मीठ मांसातलं पाणी बाहेर ओढतं, मग त्याच पाण्यात विरघळून परत आत शिरतं आणि प्रथिनांची पकड ढिली करतं. ढिली प्रथिनं भाजताना कमी आवळतात, रस आतच राहतो. वरून फ्रिजच्या हवेने कातडी सुकते, म्हणून ती कुरकुरीत होते. म्हणजे आपण रात्रभर झोपलो तरी काम चालू!

विकतच्या ब्रेस्टमध्ये कारखान्यातच मिठाचं पाणी टोचलेलं असू शकतं, तेव्हा पाकीट वाचा. नाहीतर मिठावर मीठ आणि जेवणावर पाणी.

टर्की गोठलेली असेल तर? फ्रिजमध्ये दर दोन किलोंना एक अख्खा दिवस धरा. गुरुवारी सकाळी फ्रीझर उघडून बर्फाच्या गोळ्याकडे बघत बसणाऱ्यांची अमेरिकेत कमतरता नाही. त्यांच्यासाठी बटरबॉल कंपनीची खास हेल्पलाइन आहे, १९८१पासून! पहिल्या वर्षी फोनवर होत्या सहा गृहविज्ञानतज्ज्ञ आणि त्यांनी अकरा हजार फोन घेतले. आज टेक्स्ट आणि चॅट धरून हंगामात लाखावर प्रश्न येतात. आपल्याकडे हे काम फुकटात करणारी संस्था आहे. तिचं नाव आई.

गुरुवार दुपार. बहिणीने मऊ लोण्यात ठेचलेला लसूण, मिरी आणि थाइमची पानं कालवली. मग बोटं अलगद कातडीखाली सरकवली. कातडी आणि मांस यांच्यामध्ये एक पातळ पापुद्रा असतो, तो टक्‌टक् सुटत जातो आणि खिसा तयार होतो. त्या खिशात लोणी. वरून दाबत दाबत ते पसरायचं, उशीच्या अभ्र्यात कापूस सारखा करतात तसं. मावशी पहिल्यांदाच खूश झाली. "भरल्या वांग्यासारखंच की हे!"

मग ओव्हनचा आकडा लागला. ३२५.

"अगं ए, घर पेटवतेस का?"

"आई, फॅरनहाइट आहे ते!"

म्हणजे आपले साधारण १६३ अंश सेल्सिअस. या तापमानाला हाडासकटच्या ब्रेस्टला दीड ते सव्वादोन तास लागतात. मावशीची भीती तशी निराधार नाही हं. स्वयंपाकामुळे घराला लागणाऱ्या आगींचा अमेरिकेतला सर्वांत मोठा दिवस कुठला, माहीत आहे का? थँक्सगिव्हिंग! अंगणात उकळत्या तेलाच्या पिंपात टर्की तळणारे हौशी वीर त्यात हातभार लावतात. पक्षी बर्फाळ, तेल सणसणीत, पुढचं काम अग्निशमन दलाचं. आणि शुक्रवारी नंबर लागतो प्लंबरचा, सिंकमध्ये ओतलेल्या चरबीमुळे. प्लंबर मंडळी त्या दिवसाला म्हणतात ब्राउन फ्रायडे. रंगाचं कारण विचारू नका, जेवायचंय.

विजेने टर्की मारून बघणारा एक महाभागही होऊन गेला. नाव बेंजामिन फ्रँकलिन! विजेच्या झटक्याने मारलेल्या पक्ष्याचं मांस जास्त कोवळं होतं, असा त्याचा दावा. डिसेंबर १७५०मध्ये प्रयोग करताना हात चुकीच्या जागी लागला आणि झटका बसला खुद्द फ्रँकलिनलाच. टर्की राहिली बाजूला, शास्त्रज्ञच गारद.

राष्ट्राध्यक्षांचंही ऐका. १९२६मध्ये कॅल्विन कूलिज यांना थँक्सगिव्हिंगच्या पंगतीसाठी कुणीतरी जिवंत रॅकून पाठवलं. खायला! कूलिज कुटुंबाने त्याचं नाव रेबेका ठेवलं, गळ्यात पट्टा बांधला आणि व्हाइट हाउसमध्ये पाळलं. आणि १९३९मध्ये रूझवेल्ट यांनी दुकानदारांना खरेदीचे दिवस जास्त मिळावेत म्हणून सणच एक आठवडा अलीकडे ओढला. काही राज्यांनी ऐकलं, काहींनी झुगारलं, देशात दोन-दोन थँक्सगिव्हिंग! टिळक पंचांगवाल्यांचा गणपती एखाद्या वर्षी आधी येतो, हे माहीत असलेल्या मराठी माणसाला यात नवल ते काय? शेवटी १९४१मध्ये कायदा करून चौथा गुरुवार पक्का केला.

ओव्हनमधून लसणाचा वास यायला लागला. तेवढ्यात नावाचा गुंता सोडवू या. हा पक्षी मूळचा मेक्सिकोकडचा. इंग्रजीत तो टर्की, म्हणजे तुर्कस्तानचा. तुर्की भाषेत त्याचं नाव हिंदी, म्हणजे आपला! फ्रेंचमध्ये दँद, म्हणजे पुन्हा भारताचा. डच लोकांनी तर थेट कालिकतचा पत्ता देऊन कालकून केलं. सगळे म्हणतात शेजारच्याचा आहे, आमचा नाही. शाळेत चेंडू लागून काच फुटल्यावर असंच व्हायचं.

आणि पोर्तुगीजमध्ये? पेरू! आपला पेरू मात्र फळ. गंमत म्हणजे हे फळसुद्धा अमेरिका खंडाचंच आणि तेही पोर्तुगीजांच्या गलबतांतूनच आपल्याकडे आलं असं मानतात. एक पेरू फांदीला लागतो, दुसरा रात्री फांदीवर बसतो. बाजारात जपून मागा.

आता मला सर्वांत आवडलेला किस्सा. भारतातल्या सर्वांत प्रसिद्ध टर्कीचा मुक्काम आधी कुठे होता, माहीत आहे का? गोव्यात! १६१२मध्ये मुकर्रब खान हा जहांगीर बादशहाचा सरदार गोव्याहून विचित्र वस्तू आणि प्राणी खरेदी करून दरबारी आला. त्यात एक टर्की. बादशहा बघतच राहिला. लांडोरीपेक्षा मोठी, मोरापेक्षा लहान, आणि डोकं-मान घडीघडीला रंग बदलतेय, सरड्यासारखी! त्याने आठवणींच्या ग्रंथात तिचं सविस्तर वर्णन केलंय. शिवाय या नवलाईची चित्रं काढायचं फर्मान सोडलं. उस्ताद मन्सूरच्या नावावर असलेलं त्या टर्कीचं चित्र आज लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आहे. गळ्याच्या लाल लोळीची एकेक सुरकुती टिपलीय पठ्ठ्याने. साडेचार कोटी टर्क्या ताटात गेल्या, ही एक चौकटीत बसली.

हे रंग बदलणं टिपणारी नजर जपान्यांनाही होती. त्यांच्या भाषेत टर्कीचं नाव आहे सात तोंडांचा पक्षी. मुंबईच्या लोकलमध्ये शोधलात तर असे बरेच सापडतील.

रेकॉर्ड हवेत? घ्या. सर्वांत वजनदार टर्की, नाव टायसन, इंग्लंड, १९८९. वजन ३९ किलोंच्या वर! टर्की कापून काप मांडण्याचा विक्रम इंग्लंडच्याच पॉल केली यांचा, २००९मध्ये, ३ मिनिटं १९.४७ सेकंदांत. आमच्याकडे सुरी सापडायलाच तेवढी मिनिटं गेली.

आणि अंतराळात? १९६८च्या नाताळात अपोलो ८चे तीन अंतराळवीर चंद्राला प्रदक्षिणा घालून परत निघाले होते. जेवणाच्या पेटीत रिबिन बांधलेलं सरप्राइज निघालं. टर्की आणि ग्रेव्ही! आपल्याकडे चंद्र बघून उपास सोडतात, त्यांनी चंद्राला वळसा घालून सोडला म्हणा.

टिंग! ओव्हन नव्हे, बहिणीचा थर्मामीटर. इथे एक गुपित. बऱ्याच टर्क्यांमध्ये प्लास्टिकचं छोटं बटण खोचलेलं येतं, शिजली की टप्पकन वर उडी मारतं. कल्पना आली म्हणे छतावरच्या आगीच्या फवाऱ्यांकडे बघून. आत असतं कमी उष्णतेला वितळणारं मऊ धातूचं मिश्रण. ते वितळलं की स्प्रिंग सुटते. पण बटण साधारण ८० अंश सेल्सिअसच्या पुढेच उडतं. सुरक्षिततेसाठी हवेत ७४! तेवढ्या वेळात छाती वाळवंट झालेली असते. म्हणून बटणाकडे दुर्लक्ष करा, थर्मामीटर घ्या आणि टोक सर्वांत जाड भागात, हाडाला न लागू देता खुपसा. ७१ला बाहेर काढून वीस मिनिटं झाकून ठेवलं की आतली उष्णता तिला ७४पर्यंत नेते. कापण्याआधी आकडा बघून खात्री मात्र करा.

ती वीस मिनिटं सोडू नका. लगेच सुरी चालवली तर सगळा रस पाटावर. मग काप आडवे, धाग्यांना छेद देऊन. बहिणीने पहिला काप केला, कडेला तांबूस कुरकुरीत कातडी, आत पांढरंशुभ्र आणि ओलसर. मावशीने बोटाने दाबून बघितलं. "वातट नाही." कोल्हापुरात याला गोल्ड मेडल म्हणतात.

जेवण झालं आणि जावई सोफ्यावर आडवा. "टर्कीत ट्रिप्टोफॅन असतं ना, झोप येतेच." सपशेल थाप! ट्रिप्टोफॅन कोंबडीतही जवळजवळ तेवढंच असतं. झोप येते ती बटाटे, पाव, पाय नावाचं पक्वान्न आणि तिसऱ्यांदा वाढून घेतल्यामुळे. पुरणपोळीनंतरची वामकुक्षी आठवा. तिथे कुठली टर्की?

उरलेल्याचं काय? सांगतात, १९५३मध्ये स्वॉन्सन कंपनीकडे थँक्सगिव्हिंगनंतर तब्बल २६० टन टर्की उरली होती. रेल्वेच्या दहा शीतडब्यांत भरून ती इकडून तिकडे फिरत होती. मग टर्की, रताळं, मटार अॅल्युमिनियमच्या ताटलीत घालून ९८ सेंटला विकायला काढलं. टीव्ही डिनर! अमेरिकेच्या फोडणीच्या पोळीचा जन्म असा झाला.

आमच्याकडे हाड उरलं आणि मूठभर तुकडे. शुक्रवारी सकाळी मावशीने कोणालाही न विचारता कुकर काढला. हाडांना चार शिट्ट्या. मग तेल, कांदा, सुकं खोबरं आणि बॅगेतून आणलेला कांदा-लसूण मसाला. वर लालभडक तवंग आला तशी ती गर्वाने म्हणाली, "घ्या, टर्कीची तर्री!"

काल दोन तास ३२५ अंशांवर ओव्हन चालू असताना गप्प बसलेला छतावरचा स्मोक अलार्म फोडणी पडताच बोंबलायला लागला. भाचा टॉवेल हलवत त्याच्याखाली उभा. मावशी कढईवर झाकण ठेवत विचारतेय, "हा काय टर्कीचा आवाज का रे?"