क्रेग हॉजेस यांना फोन का आला नाही?

एखाद्याला कामावरून काढायचे असेल तर नोटीस द्यावी लागते, कारण सांगावे लागते, कुठेतरी सही करावी लागते. पण त्याला यापुढे कोणीच कामावर घ्यायचे नाही असे मालकवर्गाच्या मनात आले, तर यापैकी काहीच करावे लागत नाही. कागद नाही, सही नाही, तारीख नाही. फक्त फोन येत नाही. आम्ही वकिली करणारी माणसे. न आलेला फोन पुरावा म्हणून कोर्टात दाखल करता येत नाही, हे आम्हाला पुरते ठाऊक आहे. म्हणूनच आज आम्ही वाचकांपुढे अमेरिकेतील एका बास्केटबॉल खेळाडूची हकीकत ठेवत आहोत. नाव क्रेग हॉजेस.

मायकेल जॉर्डन हे नाव आपल्याकडील पोरासोरांनाही माहीत आहे, ते बुटांमुळे. हॉजेस त्याच जॉर्डनच्या संघात चार हंगाम खेळले आणि दोन वेळा अजिंक्यपद मिळवणाऱ्या त्या संघाचे भागीदार होते. पण ते जॉर्डन नव्हते. अमेरिकेच्या एनबीए या व्यावसायिक लीगमध्ये दहा-बारा तारे असतात आणि बाकी शेकडो खेळाडू म्हणजे गिरणीतले बदली कामगार. आज या खात्यात, उद्या त्या खात्यात. संघमालक आपसात त्यांची अदलाबदल करतात. हॉजेस यांना १९८२ साली सॅन दिएगो क्लिपर्सने तिसऱ्या फेरीत निवडले, म्हणजे बऱ्याच उशिरा. १९८४ साली क्लिपर्सने त्यांना इतर दोघांबरोबर मिलवॉकी बक्सकडे दिले. १९८८ च्या फेब्रुवारीत मिलवॉकीने त्यांना फिनिक्सकडे पाठवले. त्याच वर्षाच्या डिसेंबरात फिनिक्सने त्यांना शिकागो बुल्सकडे सोपवले. दहा वर्षांत चार संघ. यात खेळाडूला कोणी विचारत नाही. सामान बांधायचे आणि निघायचे.

मात्र या बदली कामगाराच्या हातात एक कसब होते. बास्केटबॉलमध्ये टोपलीपासून दूर आखलेल्या कमानीबाहेरून चेंडू टाकला तर दोनाऐवजी तीन गुण मिळतात. या लांबच्या नेमात हॉजेस त्या काळातील सर्वोत्तमांपैकी एक होते. १९८६ आणि १९८८ या दोन्ही हंगामांत नेमाच्या टक्केवारीत ते लीगमध्ये पहिले आले. लीग दरवर्षी तीन गुणांच्या नेमबाजीची स्पर्धा भरवते. १९९०, १९९१ आणि १९९२ अशी सलग तीन वर्षे त्यांनी ती जिंकली. लॅरी बर्ड यांच्यानंतर असे करणारे ते दुसरे. १९९१ च्या स्पर्धेत त्यांनी सलग एकोणीस नेम चुकू दिले नाहीत. ही गोष्ट आम्ही मुद्दाम सांगत आहोत, कारण पुढे त्यांच्याबद्दल 'आता उपयोग राहिला नव्हता' असे म्हटले गेले.

हॉजेस यांचा जन्म १९६० चा, शिकागोच्या दक्षिणेकडील वस्तीतला. १९६९ च्या डिसेंबरात शिकागो पोलिसांनी पहाटेच्या छाप्यात ब्लॅक पँथरचा एकवीस वर्षांचा नेता फ्रेड हॅम्प्टन याला गोळ्या घालून मारले, तेव्हा हा मुलगा नऊ वर्षांचा होता. याच ब्लॅक पँथरच्या नावावरून १९७२ साली मुंबईत दलित पँथरचे नाव पडले, तेव्हा तो काळ आमच्या वाचकांना वेगळा समजावून सांगण्याची गरज नाही. त्या हवेत वाढलेला मुलगा कॉलेजात गेला, वाचू लागला, आणि व्यावसायिक खेळाडू झाल्यावरही त्याने वाचन सोडले नाही. लॉकर रूममध्ये सहकाऱ्यांना पुस्तके देणारा, काळ्या वस्त्यांतील गरिबीबद्दल बोलणारा खेळाडू म्हणून तो ओळखला जाऊ लागला. अशा माणसाविषयी बाकीचे काय म्हणतात ते कार्यकर्त्यांना चांगले माहीत आहे.

आता १९९१ साल घ्या. ३ मार्चच्या रात्री लॉस एंजेलिसमध्ये पोलिसांनी रॉडनी किंग या काळ्या माणसाला रस्त्यावर पाडून लाठ्यांनी बदडले. शेजारच्या एका माणसाने ते चित्रित केले आणि साऱ्या जगाने पाहिले. तीन महिन्यांनी, जूनमध्ये, एनबीएची अंतिम मालिका आली. एका बाजूला शिकागो, दुसऱ्या बाजूला लॉस एंजेलिसचाच लेकर्स संघ. हॉजेस यांनी पुढे आपल्या पुस्तकात सांगितले आहे की, त्यांनी जॉर्डन आणि लेकर्सचे मॅजिक जॉन्सन या दोघांपुढे एक प्रस्ताव ठेवला होता: पहिला सामना दोन्ही संघांनी खेळायचाच नाही. साऱ्या देशाचे लक्ष असताना मैदान रिकामे ठेवायचे. जॉर्डन यांना ते वेडेपणाचे वाटले, जॉन्सन यांना फार टोकाचे. सामना ठरल्या वेळी झाला, मालिकाही झाली, शिकागो जिंकले.

जिंकलेल्या संघाला राष्ट्राध्यक्ष व्हाइट हाउसमध्ये बोलावतात अशी तिकडे प्रथा आहे. ऑक्टोबर १९९१ मध्ये बुल्स तिथे गेले. जॉर्डन गेलेच नाहीत. ते सुटीवर होते. हॉजेस गेले, आणि सुटाबुटाऐवजी दशिकी हा पांढरा आफ्रिकी अंगरखा घालून गेले. (वेषाचा अर्थ जागेवरून ठरतो, हे आपल्याला शिकवावे लागत नाही. बाबासाहेबांचा सूट हा जसा जबाब होता, तसाच हा अंगरखाही जबाबच होता.) बरोबर त्यांनी राष्ट्राध्यक्ष जॉर्ज बुश, म्हणजे थोरले बुश, यांच्यासाठी लिहिलेले पत्र नेले होते. देशातील गरीब, काळे, मूलनिवासी आणि बेघर यांच्याकडे सरकारने लक्ष द्यावे, एवढीच त्यातील मागणी होती. ना शिवी, ना धमकी. नागरिकाने राष्ट्रप्रमुखाला दिलेला अर्ज तो.

पुढच्या वर्षी, २९ एप्रिल १९९२ रोजी, किंगला मारणारे पोलीस सुटले आणि लॉस एंजेलिस पेटले. पन्नासहून अधिक माणसे मेली. जूनमध्ये बुल्स पुन्हा अंतिम मालिकेत असताना हॉजेस यांनी 'न्यूयॉर्क टाइम्स'च्या प्रतिनिधीशी बोलताना जॉर्डन यांच्या मौनावर उघड टीका केली. बुल्स पुन्हा जिंकले. काही आठवड्यांत संघाने हॉजेस यांना मोकळे केले.

इथपर्यंत नवल काहीच नाही. संघ माणसे काढतच असतात. नवल पुढे आहे. बत्तीस वर्षांचा, तीन वर्षे लागोपाठ नेमबाजीचा विजेता ठरलेला, दोन अजिंक्यपदे पाठीशी असलेला खेळाडू बाजारात मोकळा उभा आहे, आणि लीगमधील एकाही संघाला तो नको आहे. साधी चाचणीसुद्धा कोणी घेतली नाही. एका संघाच्या अधिकाऱ्याने आधी उत्सुकता दाखवली आणि मग हात वर केले, असे हॉजेस सांगतात. १९९३ साली आधीच्या वर्षीचा विजेता म्हणून ते नेमबाजीच्या स्पर्धेत उतरले तेव्हा अंगावर कोणत्याच संघाचे नाव नव्हते. नंतर इटली झाली, तुर्कस्तान झाले. एनबीएत त्यांना पुन्हा कधीच खेळायला मिळाले नाही.

बुल्सच्या बाजूने काय सांगितले गेले? वय झाले, बचाव कच्चा आहे. बचाव कच्चा होता हे खरे आहे. त्यांचे प्रशिक्षक फिल जॅक्सन यांनीही ते मान्य केले. पण त्याच जॅक्सन यांनी १९९६ साली हेही सांगितले की, आपण सोडलेल्या खेळाडूबद्दल विचारणा करणारा एखादा तरी फोन नेहमी येतो, हॉजेसबद्दल एकही आला नाही आणि हे आपल्याला विचित्र वाटले. वयाचे म्हणाल तर आम्ही उलटतपासणीला दोनच नावे घेऊ. हॉजेस गेल्यावर लांबचे नेम मारण्यासाठी बुल्सने ट्रेंट टकर यांना घेतले. टकर यांचा जन्म डिसेंबर १९५९ चा. ते हॉजेसपेक्षा सहा महिन्यांनी मोठे. संघात राहिलेले दुसरे नेमबाज जॉन पॅक्सन, जन्म सप्टेंबर १९६०. हॉजेसपेक्षा तीन महिन्यांनी लहान. त्याच पॅक्सन यांनी १९९३ च्या अंतिम सामन्यात लांबून नेम मारून संघाला तिसरे अजिंक्यपद मिळवून दिले. म्हणजे बत्तीस-तेहतीस हे वय नेमबाजाला चालत होते. चालत नव्हते ते दुसरेच काहीतरी.

आणि खटल्याची अडचण नेमकी येथेच आहे. टकर स्वतः काळे होते. लीगमधील बहुसंख्य खेळाडू काळे. मग 'रंगामुळे डावलले' हे न्यायाधीशाला पटवायचे कसे? हॉजेस यांची अडचण रंग ही नव्हती, रंगाबद्दल तोंड उघडणे ही होती. अमेरिकन राज्यघटनेतील पहिली दुरुस्ती भाषणस्वातंत्र्य देते, पण ते सरकारविरुद्ध. खासगी मालकाने तुमच्या मतांवरून तुम्हाला घरी बसवले तर ती दुरुस्ती धावून येत नाही. कायदा कातडी पाहतो, जीभ पाहत नाही. प्रस्थापित व्यवस्थेला हे अंतर बरोबर कळते. काळा माणूस तिला चालतो, कोट्यधीश काळा माणूस तर फारच चालतो. फक्त त्याने बूट विकावेत, पत्रे लिहू नयेत.

१९९६ च्या डिसेंबरात हॉजेस यांनी एनबीए आणि तिचे तेव्हाचे सर्व एकोणतीस संघ यांच्याविरुद्ध चार कोटी डॉलरचा दावा लावला. आपली राजकीय मते, श्रीमंत काळ्या खेळाडूंवरील टीका आणि लुई फराखान यांच्याशी असलेला संबंध यांमुळे सर्वांनी मिळून आपल्याला वाळीत टाकले, असे त्यांचे म्हणणे. फराखान यांच्याबद्दल आमचे मत स्पष्ट आहे. ज्यूंविषयी ते जे बोलत आले ते द्वेषाचे आहे आणि समतेच्या चळवळीत त्याला जागा नाही. हॉजेस यांचा हा संबंध त्यांच्या विरोधकांच्या हाती आयते कोलीत देऊन गेला. पण व्हाइट हाउसमध्ये दिलेल्या पत्रात मागितले होते ते गरिबांसाठी, आणि माणसाचे काम हिरावून घेण्यास त्याची संगत हे कारण होऊ शकत नाही.

लीगने सगळे आरोप नाकारले. कोर्टाने पुढे हा दावा फेटाळला, तो मुदतीच्या कारणावरून. दावा उशिरा आला. म्हणजे एकोणतीस संघांतील एकाही अधिकाऱ्याला साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहून, फोन का केला नाही, हे शपथेवर सांगावे लागले नाही. आरोप सिद्धही झाला नाही, खोटाही ठरला नाही. मुदतीचा कायदा आम्हालाही रोज भेटतो आणि तो असावा हे आम्हाला मान्य आहे. परंतु काढून टाकण्याची तारीख असते. न बोलावण्याची तारीख कोणती धरायची? पहिला फोन आला नाही तो दिवस, की दहावा? वाट पाहणाऱ्या माणसाला कळेपर्यंत मुदत संपलेली असते. अन्यायाचा संशय आला की पहिल्या महिन्यात वकील गाठावा, असे आम्ही अशिलांना सांगत असतो ते याचसाठी.

तुलना करायची तर कॉलिन केपर्निक यांची करावी. २०१६ साली राष्ट्रगीताच्या वेळी गुडघा टेकणारा हा अमेरिकन फुटबॉलपटू, त्यालाही २०१७ पासून कोणी काम दिले नाही. पण त्याने त्याच वर्षी, खेळाडू-मालक करारातील संगनमतविरोधी कलमाखाली तक्रार लावली. मालकांचे जबाब घेतले गेले, तक्रार फेटाळण्याची लीगची मागणी लवादाने मान्य केली नाही, आणि २०१९ च्या फेब्रुवारीत लीगने तडजोड केली. मैदान त्यालाही परत मिळाले नाही, हे खरे. पण मालकांना उत्तर द्यावे लागले. ते हॉजेस यांच्या वाट्याला आले नाही.

जॅक्सन यांनी मात्र त्यांना विसरले नाही. २००५ साली लेकर्सचे प्रशिक्षक असताना त्यांनी हॉजेस यांना नेमबाजी शिकवण्यासाठी बोलावले, आणि २००९ व २०१० च्या अजिंक्य संघांत हॉजेस प्रशिक्षक म्हणून होते. २०१७ साली 'लाँग शॉट' हे त्यांचे पुस्तक आले, तेव्हा ते शिकागोजवळील आपल्याच जुन्या शाळेत मुलांना खेळ शिकवीत होते. २०२० च्या एप्रिल-मे महिन्यांत बुल्सच्या सुवर्णकाळावर 'द लास्ट डान्स' हा दहा भागांचा माहितीपट जगभर गाजला. त्यासाठी कितीतरी लोकांच्या मुलाखती घेतल्या गेल्या. हॉजेस यांना तेव्हाही कोणी बोलावले नाही.

तीन महिन्यांनी, २३ ऑगस्ट २०२० रोजी, विस्कॉन्सिन राज्यातील केनोशा येथे जेकब ब्लेक या काळ्या माणसाच्या पाठीत पोलिसाने गोळ्या झाडल्या. २६ ऑगस्टला त्याच राज्यातील एनबीए संघाचा बाद फेरीतील सामना होता. खेळाडू मैदानावर आलेच नाहीत. त्या दिवशीचे इतर सामनेही पुढे ढकलावे लागले. हा संघ मिलवॉकी बक्स. १९८४ ते १९८८ या काळात हॉजेस याच संघातून खेळत होते. पुढच्या वर्षी, २०२१ मध्ये, बक्स अजिंक्य ठरले आणि नोव्हेंबरात व्हाइट हाउसमध्ये पाहुणे म्हणून जाऊन आले.