कारखान्यात कामगारांना विचारायचं कधी?

हॉस्टेलची मेस कमिटी साधारण काय ठरवते? बुधवारी अंडाकरी की पनीर. कॉन्ट्रॅक्ट कोणाला आणि केवढ्याला द्यायचं, हा विषय तिच्यापर्यंत येतोच असं नाही. कारखान्यातही बरंचसं असंच असतं.

१९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात १०० किंवा जास्त कामगार असलेल्या कारखान्यांसाठी 'वर्क्स कमिटी'ची तरतूद झाली. २०२० च्या औद्योगिक संबंध संहितेतही ती आहे. कामगारांचे प्रतिनिधी मॅनेजमेंटपेक्षा कमी नसावेत, हा नियम चांगलाच. पण कमिटीपुढे येतं काय, तर कँटीन, पिण्याचं पाणी, उजेड, पंखे. पगार, बोनस, कामगारकपात हे विषय बाहेरच राहतात.

१९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने कलम ४३क आलं. व्यवस्थापनात कामगारांचा सहभाग असावा म्हणून सरकारने पावलं उचलावीत, असं ते सांगतं. पण ते मार्गदर्शक तत्त्व आहे, त्याच्या जोरावर कोर्टात हक्क मागता येत नाही. त्याच वर्षी पश्चिम जर्मनीने कायदाच केला. २००० पेक्षा जास्त कामगार असलेल्या कंपनीच्या पर्यवेक्षक मंडळात निम्म्या जागा कामगारांच्या प्रतिनिधींना मिळाल्या.

आपल्याकडचं उदाहरण फार लांब नाही. भिसेगावहून कर्जत स्टेशनात येऊन लोकल पकडली की त्याच लाइनवर कुर्ला लागतं. तिथली तांब्या-पितळेच्या नळ्या बनवणारी कमानी ट्यूब्ज मालक कुटुंबातल्या वादात बुडत गेली आणि १९८५ मध्ये बंद पडली. कामगार गप्प बसले नाहीत. कंपनी आम्हीच चालवतो, अशी योजना त्यांच्या युनियनने मांडली. १९८८ साली तिला मंजुरी मिळाली, सुप्रीम कोर्टानेही ती उचलून धरली आणि मालकी कामगारांच्या सहकारी संस्थेकडे आली. सुरुवातीची काही वर्षं बरी गेली. मग खेळतं भांडवल कमी पडलं, आपसात वाद झाले, कंपनी पुन्हा आजारी पडली. २००६ मध्ये कल्पना सरोज अध्यक्ष झाल्या.

लोक म्हणतात, बघा, कामगारांना जमत नाही. मला तसं वाटत नाही. त्यांच्या हाती कारखाना आला तोच मुळी डोक्यावर कर्ज आणि बंद मशिनं घेऊन. घर पडल्यावर किल्ली देण्यासारखंच ते. हिशोबाच्या वह्या आधीच उघडल्या असत्या तर?

उद्या आपल्यापैकी काही जण खोपोली-रसायनीकडे सुपरवायझर म्हणून जातील. बेअरिंगचा आवाज बदलला हे आधी ऑपरेटरला कळतं, आपल्या ड्रॉइंगला नाही. मशीन घ्यायच्या आधी त्याला विचारा. ऑर्डर निघाल्यावर विचारणं म्हणजे नुसतं कळवणं झालं.