याखिमोव्ह : डोंगराने दिले किती, गावात उरले किती

१८,००० आणि २,५०० च्या आत. चेक प्रजासत्ताकातल्या याखिमोव्ह या गावाच्या लोकसंख्येचे हे दोन आकडे. पहिला १५३४ च्या सुमाराचा आहे. त्या वेळी बोहेमियाच्या राज्यात प्राग सोडले, तर याहून मोठे शहर नव्हते. दुसरा आकडा आजचा. मधल्या पाच शतकांत इथल्या डोंगरातून चांदी, रेडियम आणि युरेनियम निघाले आणि तिन्ही दूरदेशी गेले. प्रत्येक वेळी गावाच्या हाती काय राहिले, हे आकड्यांवरूनच तपासण्यासारखे आहे.

दरी आणि डोंगर

याखिमोव्ह देशाच्या वायव्य टोकाला, जर्मनीच्या सीमेपासून अवघ्या काही किलोमीटरांवर आहे. कार्लोव्ही व्हारी हे प्रसिद्ध आरोग्यस्नानांचे शहर इथून दक्षिणेला सुमारे २० किलोमीटरांवर. मागे क्रुश्ने होरी ही पर्वतरांग आहे आणि तिचे सर्वोच्च शिखर क्लिनोवेत्स १,२४४ मीटर उंच आहे. समुद्रसपाटीपासून सुमारे ७०० मीटर उंचीवरच्या अरुंद दरीत, चढत्या रस्त्याच्या दोन्ही बाजूंनी गाव वसले आहे. हिवाळा लांब आणि शेतीला जागा नाही. अशा ठिकाणी हजारो माणसे येऊन राहतात, तेव्हा कारण जमिनीखालीच असते.

चांदी : १५१६ पासून

१५१६ मध्ये इथे चांदीच्या समृद्ध शिरा सापडल्या आणि काउंट श्टेपान श्लिक याने वसाहत उभारली. चारच वर्षांत, १५२० मध्ये, तिला राजाच्या खाण-नगराचा दर्जा मिळाला आणि श्लिकची टांकसाळ अधिकृत झाली. तिथे पडणारे जाड, सुमारे २९ ग्रॅम वजनाचे चांदीचे नाणे टालर म्हणून युरोपभर चालले. अमेरिकेच्या डॉलरचे नावही त्याच्यापासूनच आले. १५२६ मध्ये श्लिक मोहाचच्या लढाईत मारला गेला आणि १५२८ मध्ये राजा पहिला फर्डिनांड याने टांकसाळीचा हक्क श्लिक घराण्याकडून काढून घेतला. म्हणजे शोध लागल्यापासून अवघ्या १२ वर्षांत नाण्यांवरची सत्ता गावाबाहेर गेली.

त्या भरभराटीने एक मोठे काम मात्र घडवले. १५२७ मध्ये गेओर्ग अ‍ॅग्रिकोला हा तरुण वैद्य इथे नगरवैद्य म्हणून आला. खाणी, भट्ट्या आणि खाणकामगारांचे आजार त्याने जवळून पाहिले. ‘दे रे मेतालिका’ हा त्याचा १२ भागांचा ग्रंथ त्याच्या मृत्यूनंतर, १५५६ मध्ये, छापला गेला. पुढची सुमारे दोन शतके खाणकामाचा प्रमाणग्रंथ म्हणून तो वापरात राहिला. चांदी मात्र एवढी टिकली नाही. सोळाव्या शतकाच्या उत्तरार्धात ती सरत गेली आणि माणसेही पांगली.

टाकाऊ काळा दगड

चांदीच्या शिरांसोबत पिचब्लेंड हा जड, काळा दगड लागे. खाणकामगार तो बाजूला फेकत. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून त्यातल्या युरेनियमपासून काच आणि चिनी मातीसाठी पिवळे-हिरवे रंग बनू लागले आणि उरलेला चोथा पुन्हा ढिगावर जाऊ लागला.

पॅरिसमध्ये मारी आणि पिएर क्युरी यांनी १८९८ मध्ये पोलोनियम आणि रेडियम ही मूलद्रव्ये शोधली. रेडियम वेगळे काढण्यासाठी त्यांना हाच चोथा हवा होता. तेव्हा या भागावर राज्य असलेल्या ऑस्ट्रियाच्या सरकारने आधी एक टन पाठवला, पुढे आणखी काही टन गेला. १९०२ मध्ये त्यातून मिळाले ०.१ ग्रॅम रेडियम क्लोराइड. इतके कमी का? निसर्गात १ टन युरेनियमच्या जोडीला रेडियम असते सुमारे एक तृतीयांश ग्रॅम. १९११ मध्ये मारी क्युरी यांना रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले, त्यामागे याखिमोव्हच्या ढिगाऱ्यांचा वाटा आहे.

१९४५ ते १९६४

२३ नोव्हेंबर १९४५ रोजी चेकोस्लोव्हाकियाने सोव्हिएत संघाशी युरेनियमचा गुप्त करार केला. त्याच सुमारास पिढ्यान्‌पिढ्या राहणाऱ्या जर्मनभाषक रहिवाशांना देशाबाहेर घालवण्यात आले. खाणींत आधी युद्धकैदी आणि १९४९ पासून राजकीय कैदी राबवले गेले. शेतकरी, विद्यार्थी, धर्मगुरू, माजी सैनिक अशा हजारो जणांनी काटेरी कुंपणांच्या छावण्यांत वर्षे काढली. शेवटच्या छावण्या १९६१ मध्ये बंद झाल्या आणि १९६४ मध्ये युरेनियमचे खाणकाम थांबले. या काळाचा हिशेब टनांत मांडणे अन्यायाचे ठरेल. तो माणसांतच मांडायला हवा.

३.८ दिवसांचा वायू

१८६४ मध्ये स्वोर्नोस्ट खाणीत ५०० मीटरांहून अधिक खोलीवर पाण्याचा झरा फुटला. त्या पाण्यात रेडॉन हा किरणोत्सारी वायू आहे, हे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला कळले. १९०६ मध्ये इथे जगातले पहिले रेडॉन-स्नानगृह सुरू झाले आणि १९१२ मध्ये ‘रेडियम पॅलेस’ हे भव्य हॉटेल उभे राहिले. आजही खाणकामगार तिथे उतरतात, ते पाणी वर आणण्यासाठी. सांधेदुखी आणि मणक्याचे रुग्ण त्यात स्नान घेतात.

आता तीन अर्धायुष्ये, म्हणजे पदार्थ निम्मा उरायला लागणारे काळ, शेजारी ठेवून पाहा. युरेनियम : सुमारे ४.५ अब्ज वर्षे. रेडियम : १,६०० वर्षे. रेडॉन : ३.८ दिवस. चांदी, रेडियम, युरेनियम पेट्यांत भरून कुठेही नेता आले. रेडॉनचे तसे नाही. आठवड्याने तो जेमतेम २८ टक्के उरतो आणि महिन्याने अर्धा टक्काही नाही. उघड्या पाण्यातून तर त्याआधीच उडून जातो. त्यामुळे उपचार घ्यायचे तर माणसालाच याखिमोव्हला यावे लागते. गावाला टिकाऊ रोजगार दिला तो या सर्वांत अल्पायुषी पदार्थाने.

त्याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. भुयारांतला हाच वायू पिढ्यान्‌पिढ्या खाणकामगारांच्या फुफ्फुसांत गेला. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने १९८८ मध्ये तो कर्करोगकारक असल्याचे जाहीर केले. रेडॉन-स्नानांच्या गुणाबद्दलही वैद्यकशास्त्रात एकमत नाही.

काय पाहावे

सोळाव्या शतकातली टांकसाळ आता संग्रहालय आहे. जवळच सेंट योआखिमचे चर्च आहे. १८७३ च्या मोठ्या आगीत ते जळाले आणि पुन्हा बांधले गेले. वर स्वोर्नोस्ट खाण आणि छावण्यांच्या जागांवरून जाणारी पायवाट. २०१९ मध्ये युनेस्कोने या पर्वतरांगेतली २२ ठिकाणे जागतिक वारशात घेतली. त्यांतली १७ जर्मनीत आहेत आणि ५ चेक प्रजासत्ताकात. त्या पाचांत याखिमोव्ह आहे आणि जवळचा ‘मृत्यूचा लाल मनोराही’, जिथे कैद्यांकडून युरेनियमचे खनिज दळून घेतले जाई.

खाणीवर जगणाऱ्या कोणत्याही गावाचा हिशेब बहुधा काढलेल्या धातूच्या वजनात होतो. याखिमोव्ह सांगते की त्या शेजारी आणखी दोन रकाने हवेत. काम करणाऱ्यांना काय भोगावे लागले आणि धातू संपल्यावर गावात किती जण राहू शकले. हे दोन रकाने रिकामे ठेवून मांडलेली समृद्धी अर्धीच असते.